अंधार दिसायला हवा

प्रश्न : ‘फाइव्ह नाइट्स ॲट फ्रेडीज’ या भीतीदायक व्हिडिओ गेममधील पात्रे घेऊन मी ब्लेंडर या थ्रीडी ॲनिमेशनच्या सॉफ्टवेअरमध्ये एक लहानशी ॲनिमेशन मालिका करतो आहे. गूढ वातावरणासाठी तिन्ही भाग काळोखी ठेवले. पण मित्र म्हणतात, भीती वाटत नाही, कारण काही दिसतच नाही. माझे काय चुकते आहे?
– एक वाचक, लालबाग, मुंबई

उत्तर : आपल्या मित्रांनी हे भाग बहुधा मोबाइलवर, कदाचित भर दुपारी लोकलच्या खिडकीशी बसून पाहिले असावेत, आणि आपल्या संगणकावर वेगवेगळ्या दिसणाऱ्या गडद छटा तिथे एकाच काळ्या डागात विरून जातात. अपलोड करताना व्हिडिओ आक्रसला जातो, तेव्हाही काळोखातले बारकावे आधी हरवतात. त्यामुळे दृश्यात एक उजेड ठेवावा आणि पात्र त्याच्यापुढे उभे करावे. चाळीचा जिना नुसता अंधारा असेल तर आपण कठडा धरून मुकाट चढतो. दचकतो ते वरच्या मजल्यावरील दिव्यापुढे कुणाची आकृती निश्चल उभी दिसली तर.

२०१४ च्या मूळ खेळात खेळाडू एका खोलीत बसून सुरक्षा कॅमेऱ्यांवर नजर ठेवतो. पात्रे बहुतेक वेळा चालताना दिसतच नाहीत. पुन्हा त्या कॅमेऱ्याकडे वळावे, तर मघाची जागा रिकामी असते. आपणही कॅमेरा जागचा हलवू नये. तीच चौकट तीनदा दाखवावी, तिसऱ्या वेळी एकच गोष्ट बदलावी, आणि तो बदल संगीताने किंवा झूम करून जाहीर करू नये. चाहत्यांच्या मालिकेला मिळालेली मोठी सवलत हीच, की प्रेक्षक पात्राला आधीपासून ओळखतो आणि त्याची मान किंचित कलली तरी ते त्याला खटकते. (रक्ताचा सढळ वापर ही मला या प्रकारातली सर्वांत आळशी सवय वाटते.)

हालचालीतही असाच फरक करता येईल. सेकंदाला २४ फ्रेम (स्थिर चित्रे) असतील, तर फक्त त्या पात्राची प्रत्येक मुद्रा तीन फ्रेम धरून ठेवावी, म्हणजे सेकंदाला आठच मुद्रा होतील आणि पडदे, पंखा, धूळ सुरळीत हलत असताना ते एकटेच अडखळत चालेल. ब्लेंडरच्या ग्राफ एडिटरमधील ‘स्टेप्ड इंटरपोलेशन’ या मॉडिफायरने, म्हणजे हालचाल टप्प्याटप्प्याने करणाऱ्या सोयीने, हे साधते. मात्र अशा वेळी कॅमेरा फिरवला, तर पात्र थरथरल्यासारखे दिसते, म्हणूनही तो स्थिर बरा.

चौथा भाग प्रसिद्ध करण्यापूर्वी फोनचा उजेड निम्मा करून तो एकदा गॅलरीत उभे राहून पाहावा.