गेमिंग पीसीसाठी पाच हजारांच्या आत काचेचे कोणते कॅबिनेट घ्यावे?

तुम्ही दिलेल्या कॅबिनेटच्या, म्हणजे पीसीचे भाग बसवायच्या खोक्याच्या, दोन पर्यायांपैकी एकाला समोर आणि बाजूला अशी दोन्हीकडे काच आहे, दुसऱ्याला बाजूला काच आणि समोर जाळी. जाळीचे घ्या. समोर काच असलेले कॅबिनेट मी स्वतः वापरले आहे, म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

कोल्हापुरात राजारामपुरीतल्या दुकानात मला जाळीचेच कॅबिनेट आवडले होते. पण आमच्या घरात या विषयातला जाणकार मानला जाणारा माझा पुण्याचा मामेभाऊ फोनवरून हटून बसला की समोर काच नसेल तर गेमिंग पीसी कसला. मी त्याचे ऐकले. त्या काचेमागे तीन आरजीबी, म्हणजे रंगीत दिव्यांचे, पंखे होते आणि त्यांना हवा ओढायला कडेने जेमतेम बोटभर फट होती. माझे ग्राफिक्स कार्ड आरटीएक्स ३०६०, म्हणजे १७० वॉट वीज खाणारे. एप्रिलच्या दुपारी अर्धा तास खेळले की त्याचे तापमान ८४ अंशांवर जाई आणि पंख्यांचा आवाज स्वयंपाकघरापर्यंत ऐकू येई. मामेभावाच्या मते मी थर्मल पेस्ट, म्हणजे चिपची उष्णता तिच्यावरच्या कूलरकडे नेणारा लेप, नीट लावली नव्हती. ती मी दोनदा नव्याने लावली, पण फरक पडला नाही, आणि पडणारही नव्हता, कारण ती पेस्ट प्रोसेसरवर होती आणि तापत होते कार्ड. शेवटी समोरचा पॅनेल काढून ठेवला, तेव्हा दहा मिनिटांत तापमान ७३ वर आले.

वडिलांचे शिवाजी उद्यमनगरात पत्र्याच्या कामाचे वर्कशॉप आहे. काचेलाच भोके पाडून घ्यावीत म्हणून मी ती तिकडे नेली, तर बाबा म्हणाले, ‘‘टफन काच हाय ही. ड्रिल लावलास तर सगळा चुरा हुईल बघ.’’ टफन करताना तापलेली काच झपाट्याने थंड करतात, त्यामुळे तिचा पृष्ठभाग दाबाखाली आणि गाभा ताणाखाली राहतो, आणि हा तोल एका जागी मोडला की सबंध काच बारीक खड्यांत फुटते. तिची कमजोर जागा म्हणजे कडा. म्हणून बाजूची काच काढाल तेव्हा ती फरशीवर उभी टेकवू नका, सतरंजीवर आडवी ठेवा.

मग बाबांनी एक मिलिमीटरचा जाळीचा पत्रा मापाने कापला, कडा वाकवून घेतल्या, शेजारच्या शेडमध्ये काळे पावडर कोटिंग करून आणले आणि आतून चार चुंबके बसवली. तो पॅनेल आजही जागेवर आहे आणि कार्ड ७४ च्या वर गेलेले नाही. मामेभाऊ गणपतीला आला तेव्हा ‘लूक गेला’ म्हणाला. खुर्चीत बसल्यावर आपल्याला दिसते ती बाजूची काच, समोरची नव्हे, हे मी त्याला तेव्हाही सांगितले होते. तापमानाचे आधीचे आणि नंतरचे असे दोन्ही फोटो पाहूनही तो मानत नाही. निदान तुम्ही तरी माना.

घेताना कार्डाची लांबी आणि प्रोसेसरवरच्या कूलरची उंची कॅबिनेटच्या माहितीशी ताडून पाहा. दुकानात मागचा पत्रा अंगठ्याने दाबून पाहा. सहज आत जात असेल तर ते कॅबिनेट ठेवून द्या. १२० मिलिमीटरचे तीन-चार पंखे सोबत येत असतील तर वेगळा खर्च वाचतो. डीपकूल कंपनीच्या सीसी ५६० या कॅबिनेटसोबत चार येतात.

तुमचे कार्ड वेगळी पॉवर केबल न लागणारे, ७५ वॉटच्या आतले असेल, तर मात्र समोरच्या काचेनेही फारसे बिघडणार नाही. शिवाय जाळीतून धूळ अधिक येते. मी महिन्यातून एकदा वर्कशॉपच्या कॉम्प्रेसरने, पंख्याचे पाते बोटाने धरून, ती उडवतो; पावसाळ्यात त्या हवेतून पाण्याचे थेंब येतात, म्हणून तेव्हा फक्त कोरडा ब्रश वापरतो.