आईची पत्रं मेट्रोच्या आवाजात बुडतात, ती चूक नव्हे

बेल्जियन दिग्दर्शिका शांतल अकरमनच्या 'न्यूज फ्रॉम होम' या चित्रपटात मेट्रो आली की तिच्या आईची पत्रं ऐकूच येत नाहीत, ही ध्वनिमुद्रणातली चूक का, आणि धरणात गेलेल्या आजोळावर माहितीपट करताना माइक कुठला वापरावा, असं तुम्ही विचारलंय.

चूक अजिबात नाही. पत्रं अकरमनने स्वतः वाचली आहेत आणि तो आवाज चित्रावर नंतर चढवलेला आहे. गाडीचा खडखडाट त्यावर किती येऊ द्यायचा, हे मिक्सिंगच्या वेळी विचार करून ठरलेलं आहे. आई ब्रसेल्सहून न्यूयॉर्कला गेलेल्या लेकीला लिहिते: पत्र का नाही, बाबांची तब्येत, पैसे पाठवलेत. पडद्यावर मात्र १९७६चं न्यूयॉर्क, लांबलचक शॉट, नि आई कुठेच नाही. ऑशविट्झच्या नाझी छळछावणीतून जिवंत परतलेल्या बाईची ही काळजी आहे. तिचं अर्धं वाक्य शहर गिळतं, तेव्हा लेक किती लांब गेली ते कळतं. निवेदकाला हे सांगता आलं नसतं.

मी ध्वनिमुद्रक आहे, म्हणून हा प्रश्न जिव्हारी लागला. उजनी धरणाच्या काठावर एका माहितीपटाचं काम करत होतो. एक आजी पाण्याकडे हात करून सांगत होत्या, इथं आमचा वाडा, त्याच्या मागं चिंच, तिथून पुढं नदीची वाट. शेजारी उसाला पाणी ओढणारी मोटार धडधडत होती. आजी मधेच थांबायच्या, मोटारीकडे बघायच्या आणि आवाज चढवून पुढे बोलायच्या. ज्या पाण्यात त्यांचं घर गेलं, तेच पाणी दुसऱ्याच्या रानात चाललं होतं. सगळी गोष्ट त्या आवाजात होती!

दिग्दर्शक म्हणाले, आवाज खराब आहे, घरात बसवून परत घेऊ. घरात आजी ताठ बसल्या, 'आमचे गाव धरणात गेले' असं सभेतल्यासारखं बोलल्या. चिंच गेली, वाट गेली. मी भांडलो, तरी शेवटी घरातलंच बोलणं वापरलं, वर बासरी. आजही मला ते पटलेलं नाही.

माइक कुठल्याही कंपनीचा चालेल. आजोळच्या माणसांना कॉलर माइक लावा आणि जागेचा आवाज वेगळ्या ट्रॅकवर भरपूर घ्या, माणसं निघून गेल्यावरसुद्धा. आणि बोलणं काठावरच घ्या. जागा समोर असली की माणसाला बोटाने दाखवता येतं, खोलीत नुसतं सांगावं लागतं.

एक मात्र आहे. हीच मुलाखत पुनर्वसनाच्या दाव्यासाठी किंवा गावाची नोंद म्हणून लागणार असेल, तर शब्द न् शब्द स्वच्छ हवा. तेव्हा ती वेगळी घ्या, शांत जागी घ्या, पण माहितीपटात घालू नका. नि कुणी मोटार बंद करायला सांगितलं, तर आधी त्याला विचारा, हे पाणी कुणाच्या रानात चाललंय.