मोबियसची कालवं आणि तुझी खाडी

तुझा मेसेज काल रात्री वाचला. पीएचडीला कुठे नंबर लागला नाही, घरचे शाळेतली नोकरी धर म्हणतात, आणि ती धरली की समुद्री प्राण्यांचा अभ्यास कायमचा सुटला असं तुला वाटतंय. तुला कार्ल मोबियसबद्दल सांगते. आपल्याकडे इकॉलॉजीच्या पेपरात बायोसिनोसिस, म्हणजे एका जागी एकमेकांना धरून राहणाऱ्या जीवांचा समुदाय, या शब्दापुढे त्याचं नाव आणि १८७७ एवढंच येतं, दोन मार्कांत माणूस संपतो.

हा १८२५ चा जर्मन माणूस, सुरुवातीला चक्क प्राथमिक शिक्षक. मग बर्लिनला जाऊन प्राणिशास्त्र शिकला, १८५३ पासून हॅम्बुर्गच्या शाळेत शिकवायला लागला आणि कीलला प्रोफेसर झाला तो थेट १८६८ ला. मधली पंधरा वर्षं मास्तरकीच. पण त्याच वर्षांत मायर नावाच्या एका कारखानदाराला सोबत घेऊन तो कीलच्या उपसागराचा तळ उपसत राहिला, गाळात काय काय जिवंत सापडतं ते एकेक करून बघत राहिला, आणि १८६५ ला दोघांच्या ग्रंथाचा पहिला खंड आला तो नुसत्या समुद्री गोगलगायींवर. एकच उपसागर, बाकी काही नाही. मॉरिशस आणि सेशेल्सला गेला तो १८७४ ला, पन्नाशीच्या तोंडावर.

मला सगळ्यात भिडतं ते कालवांचं प्रकरण. सरकारला उत्तर समुद्राच्या किनाऱ्यावर फ्रान्ससारखी कालवांची शेती करायची होती, याला विचारलं, आणि याने तिकडची शेती स्वतः बघून येऊन १८७० मध्ये लिहून दिलं की आपल्याकडे हे जमणार नाही. कारण बघ, कालवाचं पिल्लू थोडे दिवस पाण्यात तरंगतं, मग त्याला चिकटायला स्वच्छ टणक जागा लागते, एकदा चिकटलं की जन्मभर तिथेच, आणि त्या किनाऱ्यावर वाळू नि चिखल भरती-ओहोटीने सारखा हलत असतो, म्हणजे पिल्लू गाडलंच जाणार. एक कालव पिल्लं लाखांनी सोडतं, पण जागा आणि खाणं असेल तेवढीच जगतात. याच कामातून पुढे १८७७ चं पुस्तक आलं, की कालवांच्या पट्ट्यात खेकडे, कृमी, स्पंज, दुसरे शिंपले सगळे एकमेकांना धरून असतात आणि कालवं वारेमाप उपसली तर त्यांच्या जागी दुसरेच शिंपले माजतात. बायोसिनोसिस हा शब्द तिथला. सरकारला खरं काय ते सांगण्यासाठी केलेल्या मेहनतीतून तो आलाय, हे मला फार मोठं वाटतं.

आता तुझं. तुझ्या घरामागे खाडी आहे, ओहोटीला बायका कालवं काढायला जातात, त्यांच्याबरोबर जा, त्यांना विचार कुठला खडक पूर्वी भरलेला असायचा. एकच खडक धर, दर महिन्याला तोच. एक शिंपला हातात घेऊन नीट बघ, त्याच्या पाठीवर बार्नॅकल, म्हणजे चिकटून बसणारे टणक कवचाचे बारके प्राणी, किती, कृमींच्या पांढऱ्या वाकड्या नळ्या किती, कुणी भोक पाडलंय का. तारीख, वेळ, जागा तिथल्या तिथे पेन्सिलीने लिही, घरी येऊन लिहीन म्हणू नकोस. माझ्या कपाटात अशा बरण्या आहेत ज्यांच्यावर मी तेव्हा तारीख घातली नाही, प्राणी आत शाबूत आहेत पण आज कुणाच्याच कामाचे नाहीत, त्याचं मला अजून वाईट वाटतं.

नोकरी घे. अमावास्येला ओहोटी खूप आत जाते, तेव्हा पहिली फेरी मार आणि वहीच्या पानाचा फोटो मला पाठव, अक्षर कसंही असू दे.