काल्पनिक देशाच्या हवाई दलाने आधी कोणतं विमान घ्यावं?

तुमच्या कथेतला देश शेजाऱ्याच्या कुरबुरींनी बेजार आहे, त्याची जुनी विमानं म्हणजे 'भंगार मिग' असं म्हणून तुम्ही विचारताय, आधी रफाल घेऊ की सुखोई. उत्तर देतो, पण त्याआधी प्रश्नातलं 'भंगार मिग' तेवढं खोडा.

मी वीस वर्षं एअरफोर्समध्ये इंजिन फिटर होतो, त्यातली अकरा मिग-21 या सोव्हिएत बनावटीच्या लढाऊ विमानावर. नव्वदच्या दशकातली एक डिसेंबरची रात्र सांगतो. पहाटे ओआरपीवर, म्हणजे हुकूम येताच उडायच्या तयारीतली विमानं जिथे ठेवतात तिथे, विमान उभं हवं होतं. इंजिन बसवून झालं, आणि एक रबरी सील स्टोअरमध्ये नाही. माझ्या तळहाताएवढं. मागणी जाऊन महिने झाले होते. सोव्हिएत युनियन फुटल्यापासून कुठला कारखाना कुठल्या देशात गेला याचाच पत्ता लागत नव्हता. शेवटी हँगरच्या कोपऱ्यातलं 'ख्रिसमस ट्री' उघडलं. म्हणजे असं विमान, ज्याचे भाग काढून बाकीची उडवायची. एका सीलसाठी दोन विमानं उघडायची आणि जे काढलं ते सगळं पुन्हा तपासायचं. साडेचार वाजले. पायलट आला, पोरगाच होता. फॉर्म 700, म्हणजे विमानाच्या देखभालीची नोंदवही, वाचून त्याने एवढंच विचारलं, "सील नवं आहे?" म्हटलं, "नवं नाही सर, चांगलं आहे." त्याने सही केली आणि गेला. तो परत उतरेपर्यंत माझा चहा तसाच गार झाला.

आता आमचे साडू. पुतणीच्या लग्नात, पंगतीत, हातात जिलेबी धरून म्हणाले, "काय साहेब, अजून त्या उडत्या शवपेट्याच का?" तेव्हा गप्प बसलो, बायकोने डोळे वटारले होते. आज सांगतो. अपघातांमुळे लोक मिगला हेच नाव द्यायचे. ला फोन्टेन समितीने 1982 मध्ये सांगितलं होतं की नव्या पायलट पोरांना शिकायला प्रगत जेट ट्रेनर द्या. तशा ट्रेनरचा, हॉक विमानांचा, करार झाला 2004 मध्ये. बावीस वर्षं! तोवर पोरं किरणसारख्या संथ विमानावरून थेट मिगवर चढत होती, जे उतरतानाच ताशी तीनशेच्या वर असतं. मग शवपेटी कोण, विमान की फाइल?

तर तुमच्या देशाने आधी ट्रेनर घ्यावेत, मग सुटे भाग, मग फिटरना घरं. लढाऊ विमान कुठलंही घ्या, ते वेळेवर येणार नाहीच. आपण 2007 मध्ये 126 विमानांचं टेंडर काढलं आणि 2016 च्या करारातून 36 रफाल हाती आली. लढाऊ विमानांच्या मंजूर स्क्वाड्रन, म्हणजे तुकड्या, 42. 26 सप्टेंबर 2025 ला चंडीगडला शेवटचे मिग-21 निवृत्त झाले तेव्हा उरल्या 29. तो निरोप टीव्हीवर पाहताना मी आवाज बंद ठेवला होता.

मिगमध्ये खोट नव्हतीच असं मात्र नाही. एकच इंजिन, इंधन पुरेना, कॉकपिटमधून बाहेर नीट दिसेना. 1963 पासून 2025 पर्यंत वापरायला ते कुणी बनवलंही नव्हतं. आणि रफाल की सुखोई, हे मला विचारू नका, मी दोन्हींचं इंजिन उघडलेलं नाही.

आमचं गाव ओझरजवळ. एके काळी मिग तिथेच बनायचे. 17 ऑक्टोबर 2025 ला तिथल्या कारखान्यात जुळलेलं तेजस मार्क-1ए पहिल्यांदा नाशिकच्या आभाळात उडालं. बातमीचा व्हिडिओ मी लगेच साडूंना पाठवला. खाली लिहिलं, "बघा, घरचं विमान."

पाच मिनिटांत उलट मेसेज: "इंजिन कुणाचं?"

अमेरिकेचं. 2021 मध्ये 83 विमानं मागवली, ती रखडली त्यात या इंजिनांचा मोठा वाटा. तुमच्या कथेत हे जरूर घाला. साडूंना मी अजून उत्तर दिलेलं नाही.