तिच्या जागी तुम्ही, की तिच्या जागी तीच?

पत्र:

ताई, आम्ही डिचोली तालुक्यातल्या एका गावात राहतो. माझी शेजारीण ही माझी वीस वर्षांची मैत्रीण. उन्हाळ्यात तिच्या यजमानांना पक्षाघाताचा झटका आला. बरेच दिवस बांबोळीला गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजच्या इस्पितळात) होते, आता घरी आणलंय. उजवी बाजू लुळी पडलीय, बोलता येत नाही. हा माणूस गावच्या भजनात गायचा, त्याचा आवाज पलीकडच्या वाड्यावर ऐकू जायचा. माझे वडील असेच सहा वर्षं अंथरुणाला खिळून गेले, त्यामुळे तिच्या घरात पाऊल टाकलं की मला सगळं आठवतं. मी रोज संध्याकाळी जायची. तिला सांगायची, मला कळतं गो, मी यातून गेलेय. आम्ही रडायचो, खरं तर मीच जास्त. गेल्या आठवड्यात ती म्हणाली, "थोडे दिवस येऊ नको. तू आलीस की मला तुझीही काळजी करावी लागते." तेव्हापासून मला झोप नाही. मुलगा म्हणतो, "आई, तू सहानुभूती दाखवत होतीस, समानुभूती नाही." मला हा फरक कळत नाही. दुसरं असं, की आमच्याकडे कामाला येणाऱ्या बाईचा नवरा बांधकामावरून पडला, पाय मोडला. तिला मी पैसे दिले, सुट्टी दिली, पण डोळ्यांत टिपूससुद्धा आलं नाही. मग माझी माया खरी कुठली? आणि मैत्रिणीकडे आता जाऊ की नको?

उत्तर:

तुम्हाला लागलेल्या त्या वाक्यापासूनच सुरुवात करते. "तू आलीस की मला तुझीही काळजी करावी लागते." तुम्हाला ते ऐकताना "तू मला नकोशी झालीस" असं ऐकू आलं. मला मात्र त्यात खूप दमलेली आणि तरीही मैत्रिणीशी खरं बोलणारी बाई दिसते. तिने तुम्हाला टाळलं नाही. दार लावून घेतलं नाही, घरी नाही असं कुणाकडून कळवलं नाही. जे होत होतं ते तिने तुमच्या तोंडावर सांगितलं. वीस वर्षांची मैत्री असल्याशिवाय असं बोलायचं धाडस होत नाही.

आता तिचा दिवस कसा असेल ते बघा. अंथरुणावरच्या माणसाला पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून दर दोनेक तासांनी कुशीवर वळवावं लागतं, रात्रीसुद्धा. झटक्यानंतर बऱ्याच जणांना गिळायला त्रास होतो, म्हणजे पेज भरवतानासुद्धा ठसका लागू नये म्हणून डोळ्यांत तेल घालून बसायचं. औषधं, रक्तदाब, व्यायाम, कपडे, विचारपूस करायला येणाऱ्यांचा चहा. हे सगळं उरकून संध्याकाळी ती जरा टेकते आणि तेवढ्यात तिची जिवलग मैत्रीण रडत आत येते. मग ती काय करणार? पाणी आणून देणार, पाठीवरून हात फिरवणार, "होईल गो बरं" म्हणणार. जो धीर तिला मिळायला हवा होता तो तिलाच द्यावा लागत होता, आणि तोही रोज.

तुमचं रडणं खोटं होतं असं मी मुळीच म्हणणार नाही. ते खरं होतं, पण ते बरंचसं तुमच्या वडिलांसाठी होतं. पत्रात तुम्हीच लिहिलंय की त्या घरात पाऊल टाकलं की सगळं आठवतं. सहा वर्षं फार मोठा काळ आहे. त्या सहा वर्षांत तुम्ही लेक म्हणून राबलात, आणि बहुधा रडायला कधी सवड मिळाली नाही. आता शेजारच्या घरात तशीच खाट, तोच वास, तसाच वाकडा झालेला ओठ दिसला आणि तुंबलेलं सगळं बाहेर आलं. या दुःखाला जागा हवीच. तुमच्या बहिणीशी बोला, यजमानांशी बोला, वडिलांची काळजी तुमच्या बरोबरीने घेतलेलं जे कुणी असेल त्याच्याजवळ मोकळ्या व्हा. मैत्रिणीच्या नवऱ्याची खाट मात्र त्यासाठी वापरू नका.

तुमचा मुलगा म्हणतो त्या फरकाकडे येते. त्याचे शब्द बाजूला ठेवा, कारण लोक ते आपापल्या सोयीने वापरतात. खरा मुद्दा असा की दुसऱ्याच्या जागी स्वतःला ठेवून बघण्याचे दोन प्रकार आहेत, आणि वरवर ते सारखेच दिसतात. पहिला प्रकार म्हणजे "तिच्या जागी मी असते तर मला कसं वाटलं असतं?" दुसरा म्हणजे "ती तिच्या जागी आहे, तर तिला कसं वाटत असेल?"

अर्थशास्त्रामुळे सर्वांना माहीत असलेला स्कॉटलंडचा अॅडम स्मिथ मुळात नीतिशास्त्राचा प्राध्यापक होता. १७५९ साली त्याने नेमकं याच गोष्टीवर बोट ठेवलं. कुणाचा एकुलता एक मुलगा गेला आणि आपण त्याच्या दुःखात सहभागी झालो, तर "मला मुलगा असता आणि तो गेला असता तर मला काय वाटलं असतं" असा विचार पुरेसा नाही, असं तो म्हणतो. मी खरोखर तो माणूस असतो, त्याचा स्वभाव, त्याचं आयुष्य माझं असतं, तर काय वाटलं असतं, तिथपर्यंत कल्पनेने जायला हवं. नुसती परिस्थिती बदलून भागत नाही, माणूसही बदलावा लागतो. मला हे फार मोलाचं वाटतं, कारण आपण बहुतेक जण परिस्थिती बदलतो आणि माणूस आपणच राहतो.

तुमच्या बाबतीत तेच झालं. तुमच्या वडिलांचं वय झालं होतं आणि तुम्ही लेक होता. ती बायको आहे. तुम्ही शेवट पाहिलाय, तिच्यासमोर अजून सगळं उघडं आहे. तिचा माणूस सुधारेल अशी आशा ती रोज सकाळी नव्याने गोळा करत असेल, आणि तुम्ही "मी यातून गेलेय" म्हणता तेव्हा तिला काय ऐकू येत असेल? सहा वर्षं आणि त्यानंतरचं जे काही, ते. तुम्हाला सांगायचं होतं की तू एकटी नाहीस. तिला मात्र शेवट कळला.

मानसशास्त्रात यावर प्रयोगही झालेत. अमेरिकेतले डॅनियल बॅट्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये विद्यार्थ्यांना संकटात सापडलेल्या एका तरुणीची मुलाखत ऐकवली. काहींना सांगितलं, तिला कसं वाटत असेल याची कल्पना करा. काहींना सांगितलं, तिच्या जागी तुम्ही असता तर तुम्हाला कसं वाटलं असतं याची कल्पना करा. कळवळा दोन्ही गटांत दिसला. पण स्वतःला तिच्या जागी ठेवणारे जास्त अस्वस्थ झाले, त्यांना स्वतःलाच त्रास व्हायला लागला. आणि आपल्याला त्रास व्हायला लागला की मन आधी आपला त्रास कमी करायला धावतं, यात वाईटपणा नाही, मनाची घडणच तशी आहे. तुम्ही रोज हलक्या होऊन घरी परतत असाल. आणि ती?

आणखी एक गोष्ट, जी मला पत्र वाचताना सगळ्यात जास्त टोचली. तुमच्या दोघींचं रडणं कुठे चालायचं? बहुधा त्याच खोलीत, नाहीतर बाहेरच्या सोप्यावर, जिथलं आत ऐकू जातं. ज्यांची उजवी बाजू जाते त्यांच्या मेंदूच्या डाव्या बाजूला इजा झालेली असते, आणि बहुतेकांचं बोलण्याचं केंद्र तिथेच असतं. म्हणून वाचा जाते. पण बोलता येत नाही याचा अर्थ कळत नाही असा होत नाही. पुष्कळ रुग्णांना आपल्याला वाटतं त्यापेक्षा कितीतरी जास्त समजत असतं. आपल्याकडे आजाऱ्याला बघायला माणसांची रीघ लागते, आणि खाटेच्या पायथ्याशी उभं राहून "काय होता आणि काय झाला" असं तोंडावर बोललं जातं, जणू खाटेवर कोणीच नाही. मग आणखी चार जणांच्या झटक्यांच्या कहाण्या. ही सवय मोडायला हवी असं मला मनापासून वाटतं. "बिचारा" म्हणताच समोरचा माणूस आपल्यापेक्षा खाली जातो आणि ते त्याला कळतं. कालपर्यंत आपल्या आवाजावर सप्ताहात लोकांना डोलायला लावणाऱ्याला तर नक्कीच कळतं.

तुम्ही आता जाऊ की नको, असं विचारलंय. जा. पण लगेच नको आणि न सांगता नको. तिने थोडे दिवस मागितलेत, ते तिला द्या. मग एक फोन किंवा छोटा निरोप: "तू सांगितलंस ते बरं केलंस. मला राग नाही. यायचं तेव्हा येईन, आणि काय करू ते तू सांग." माफीचं लांबण लावू नका, नाहीतर तिला पुन्हा तुमचीच समजूत काढावी लागेल.

गेलात की आधी तिच्या यजमानांशी बोला, नावाने हाक मारून, खाटेजवळ बसून, त्यांच्या नजरेला नजर देऊन. हो की नाही एवढंच उत्तर देता येईल असे प्रश्न विचारा आणि उत्तराला वेळ द्या. मग तिला विचारा, "आज कसं गेलं?" आणि गप्प बसा. ती रागावली तर रागावू द्या, देवाला बोल लावला तरी लावू द्या. "असं बोलू नये गो" म्हणू नका. तुमचे वडील आठवले तर आठवू देत, पण ते तिथे बोलून दाखवू नका. तिने आपणहून विचारलं, "तुझ्या बाबांच्या वेळी तू काय करायचीस?" तरच सांगा, आणि तेही उपयोगाचं: पाठ कशी पुसायची, चादर कशी बदलायची. तुमचा अनुभव हा तिच्यासाठी खजिना आहे, फक्त तो कधी उघडायचा हे तिने ठरवायला हवं.

डोळे भरून आलेच तर? येऊ देत. मैत्रिणीच्या डोळ्यांत पाणी आलं म्हणून कुणी दुखावत नाही. बघायचं एवढंच, की पाणी कुणी कुणाला आणून द्यायचं.

चवथ, म्हणजे गणेशचतुर्थी, तोंडावर आलीय. त्यांच्या घरची माटोळी, गणपतीच्या वर फळाफुलांनी सजवतात ती चौकट, आजवर कोण बांधायचं? बहुधा तेच. या वर्षी ती कुणी बांधायची, कांगलांसारखी रानफळं आणि सुपारीची शिपटी (घड) कुणी आणायची, हे तिच्या मनात घोळत असणार आणि ती कुणाला बोलणार नाही. तुम्ही विचारा. पण "आम्ही बांधून देतो" असं ठरवून जाऊ नका. कदाचित तिला या वर्षी माटोळी अगदी साधी हवी असेल. कदाचित खाट बाहेर आणून, त्यांच्या नजरेसमोर, त्यांच्या डाव्या हाताच्या खुणेने बांधायची असेल. ते घर तिचं आहे.

भजनाचंही तसंच. ज्यांची वाचा गेली आहे अशांतल्या काहींना बोलता आलं नाही तरी ओळखीचं गाणं शब्दांसकट गाता येतं, हे डॉक्टरांना पूर्वीपासून माहीत आहे. १९७० च्या दशकात अमेरिकेत सुरांच्या आधारे बोलणं शिकवण्याची एक उपचारपद्धतीही यातूनच तयार झाली. सगळ्यांना जमतं असं नाही, म्हणून आशा लावून देऊ नका. वाचेचा उपचार करणाऱ्यांना विचारायला मैत्रिणीला सांगा, आणि ती हो म्हणाली तर भजनातल्या एक-दोघांना बोलवा, दहा जणांना नको. ती नको म्हणाली तर विषय तिथेच संपवा.

आता तुमच्या कामवाल्या बाई. डोळ्यांत पाणी आलं नाही म्हणून तुम्ही स्वतःला दोष देता, आणि मला इथे तुमच्या बाजूने बोलायचंय. आपला कळवळा जवळच्यांकडे, आपल्यासारख्यांकडे आधी वाहतो, हे माणसाच्या मनाचं जुनं वळण आहे. म्हणूनच चांगलं वागणं हे डोळ्यांतल्या पाण्यावर सोडता येत नाही. पाणी आलं नाही, तरी तुम्ही पैसे दिलेत, सुट्टी दिलीत. ते खरंच आहे, कमी प्रतीचं नाही.

पण तिलाही तुम्ही विचारलं नाही. पैसे आणि सुट्टी हे तुम्ही ठरवलंत. तिच्या मनात कदाचित वेगळीच चिंता असेल: नवरा पुन्हा परांचीवर उभा राहू शकेल का, ठेकेदार काही देईल का, भाड्याच्या खोलीचं काय. आणि इथे दयेपेक्षा मोठी गोष्ट आहे, ती म्हणजे हक्क. कामावर असताना अपघात झाला तर भरपाई देणं ही मालकाची कायद्याने ठरलेली जबाबदारी आहे. ठेकेदारामार्फत माणसं लावली म्हणून ती टळत नाही, आणि मजूर दुसऱ्या राज्यातून आलाय म्हणूनही नाही. बऱ्याचदा पाच-दहा हजार हातावर ठेवून अंगठा घेतला जातो आणि घरातली बाई तेच उपकार समजते. तिला विचारा, असा काही कागद झालाय का. झाला नसेल तर काहीही न वाचता सही करू नका म्हणावं. हॉस्पिटलचे कागद, अपघाताची तारीख, ठेकेदाराचं आणि बांधकामाच्या मालकाचं नाव, सोबत काम करणाऱ्या एक-दोघांचे फोन नंबर, हे सगळं एका पिशवीत घालून कामगार आयुक्तांच्या कार्यालयात जायचं. दाव्याला मुदत असते, तेव्हा चवथ झाल्यावर बघू असं नको. त्या कार्यालयात एकटीने जायला ती बिचकेल. तुमच्या मुलाला एक दिवस रजा काढून तिच्याबरोबर जायला सांगा.