मेहनत तर सगळेच करतात, मग श्रीमंत-गरीब दरी वाढतच का चाललीय?

तुम्ही विचारलंय की श्रीमंत लोक जास्त कष्ट करतात, डोकं लावतात म्हणून पुढे जातात, की सिस्टिमच तशी आहे. थोडं दोन्ही आहे, पण माझ्या मते दुसरं जास्त.

मी सोलापुरात अकाउंट्सचं काम करतो, अक्कलकोट रोड एमआयडीसीतले टॉवेल-चादरवाले माझे क्लायंट, त्यामुळे कामगारांचं पगारपत्रक आणि मालकाची बॅलन्स शीट दोन्ही माझ्याच टेबलावर येतात. उत्पन्न म्हणजे महिन्याला हातात येतं ते आणि संपत्ती म्हणजे नावावर असतं ते, प्लॉट, शेअर, माग, सोनं वगैरे. हा फरक आधी डोक्यात घ्या कारण खरी दरी संपत्तीत आहे. वर्ल्ड इनइक्वॅलिटी लॅब या विषमतेचा अभ्यास करणाऱ्या संस्थेच्या 2024 च्या पेपरमध्ये 2022-23 साली भारतात वरच्या 1 टक्के लोकांकडे देशाच्या उत्पन्नातला 22.6 टक्के वाटा आणि संपत्तीतला 40.1 टक्के वाटा, असं दिलंय. आकड्यांवर वाद आहेत, पण चार-पाच टक्के इकडेतिकडे धरले तरी काय फरक पडतो.

आता साधा हिशेब. समजा मागावर पाळी करणाऱ्याला महिना 20 हजार मिळतात, म्हणजे वर्षाला 2 लाख 40 हजार, आणि भाडं, किराणा, पोरांची फी, आधी घेतलेली उचल फेडून मागे काय उरतं ते तुम्हालाही माहितीय. दुसऱ्याकडे वडिलांनी ठेवलेले 1 कोटी आहेत, ते 8 टक्क्यांनी लावले तर वर्षाला 8 लाख, आणि हात नाही लावला तर साधारण 9 वर्षात 2 कोटी. हा माणूस वाईट नाही, आळशीपण नसेल, पण झोपेतसुद्धा त्याचं मीटर चालू असतं. पगार वर्षाला चार-पाच टक्क्यांनी वाढतो आणि प्लॉटचा भाव त्याच्यापेक्षा जोरात वाढतो तेव्हा अंतर आपोआप वाढतं, त्यात कुणी कुणाला लुबाडायची पण गरज नाही.

पण हे अर्धंच झालं. पगार का वाढत नाही? आमच्याकडे एकेकाळी जुनी मिल, लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी अशा मोठ्या गिरण्या होत्या. नोकरी कायम, पीएफ, बोनस, युनियन. त्या एकेक करून बंद पडल्या आणि काम छोट्या छोट्या यंत्रमाग कारखान्यांत गेलं, जिथे बऱ्याच ठिकाणी जेवढं कापड तेवढी मजुरी. विडी वळणाऱ्या बायकांचं पण तसंच, घरी बसून हजार विड्यांवर पैसे. अशा एकेकट्या माणसाची भाव करायची ताकद काय असणार! त्यात शटललेस लूम म्हणजे बिनधोट्याचे वेगवान माग आले, कमी माणसात जास्त माल, आणि जो फायदा झाला तो ज्याच्याकडे मशीन घ्यायला कर्ज मिळालं त्याला. अमेरिकेतसुद्धा कारखाने गेले, युनियन ढिल्या पडल्या आणि पगार मागे राहिले, फक्त तिथे चीनचा माल आणि सॉफ्टवेअर कंपन्या हे दोन फॅक्टर मोठे.

टॅक्सबद्दल लोक बोलत नाहीत, तिथे मला जास्त राग येतो. 1973-74 ला आपल्याकडे इन्कम टॅक्सचा वरचा दर 97.75 टक्के होता, तो वेडेपणाच होता, लोक चोरी करणारच. पण नंतर गाडी पार दुसऱ्या टोकाला गेली. वारसा कर 1985 ला बंद, संपत्ती कर 2015 च्या बजेटमध्ये बंद. कारण खरं होतं, वसुली अगदीच किरकोळ व्हायची आणि कटकट जास्त. पण मग जपानमध्ये वारशावर वरचा दर 55 टक्के आहे आणि तो देश काही बुडाला नाही ना. आजची गंमत बघा, नोकरदाराला वरच्या स्लॅबला 30 टक्के, आणि शेअर वर्षभर ठेवून विकले तर सव्वा लाखाच्या वरच्या नफ्यावर 12.5. शिवाय पावडर-साबणाचा जीएसटी विडीवाल्या मावशी आणि कारखानदार, दोघांना सारखाच.

शिक्षणाने भरून निघेल म्हणतात. थोडं निघतं, आमच्या सोलापूरच्या पूर्व भागातली कितीतरी पोरं पुण्याजवळ हिंजवडीच्या आयटी कंपन्यांत गेली, घरं बदलली त्यांनी. पण इंजिनीअरिंगची फी कुणाच्या घरात परवडते, क्लास कुणाला, पुण्यात पहिले सहा महिने रूमचं भाडं कोण भरतं, म्हणजे परत गाडी वडिलांच्या खिशापाशीच येते. जातीचा मुद्दा पण इथेच आहे, जमीन आणि घर आधीपासून कुणाकडे होतं ते बघा.

एक गोष्ट मात्र विरुद्ध बाजूची. चीन आणि भारत वर आल्यामुळे देशा-देशांमधली दरी गेल्या तीसेक वर्षांत कमी झालीय, गरिबीही घटलीय. वाढलीय ती बऱ्याच देशांच्या आतली, आणि तुमचा प्रश्न त्याच दरीबद्दल आहे असं धरून हे लिहिलंय.