दोन घरं, दोन कन्सोल आणि एका मुलाचे गेम

"आम्ही वेगळे झालोय. मुलगा आठवडाभर माझ्याकडे असतो, शनिवार-रविवार वडिलांकडे. दोन्हीकडे प्लेस्टेशन आहे, पण गेम सगळे त्यांच्या अकाउंटवर घेतलेले. माझ्याकडे ते कधी चालतात, कधी मधेच बंद पडतात. मुलगा चिडतो, मी वडिलांना मेसेज करते आणि त्यातून आमचंच वाजतं. प्रत्येक गेम दोन-दोनदा विकत घ्यायचा का?"

थोड्याफार फरकाने हा प्रश्न मला बरेच पालक विचारतात. गेमसारख्या गोष्टीसाठी समुपदेशकाचा वेळ घ्यावा का, असा संकोचही काहींच्या बोलण्यात असतो. तो बाळगू नका. या प्रश्नात यंत्राचा भाग मोठा आहे आणि तो समजल्याशिवाय मनाच्या भागाला हात घालता येत नाही. एका कुटुंबाबरोबर काम करताना मी हे फार जवळून पाहिलं. त्यांच्या परवानगीने, ओळख पटणार नाही इतके तपशील बदलून ते सांगते.

आई कोथरूडला, वडील हिंजवडीच्या बाजूला. मुलगा सातवीत. आईची तक्रार अशी की तो बाबाकडे जायला तयार होत नाही. शनिवारी सकाळी बॅग भरतो, बूट घालतो आणि दाराशीच बसून राहतो. फार खोदून विचारलं की एकच वाक्य: "बाबाने माझे गेम बंद केले." आईचं मतही तेच होतं. "मॅडम, मला धडा शिकवायचा म्हणून पोराच्या खेळण्यावर उठलाय तो."

वडिलांना मी वेगळं भेटले. त्यांच्या मोबाइलवर एका रात्री क्रेडिट कार्डाचा मेसेज आला होता, गेममधली नाणी विकत घेतल्याचा. "तिच्या घरी बसून माझ्या कार्डावर खरेदी चालली होती. मी पासवर्ड बदलला, सगळीकडून लॉगआउट केलं. पोराला मी एका शब्दाने बोललो नाही." ते खरंच बोलले नव्हते, आणि तिथेच घोळ झाला होता. मुलाने दुसऱ्या दिवशी टीव्ही लावला तेव्हा त्याच्या सगळ्या गेमवर कुलपाचं चिन्ह होतं. कोणी काही सांगितलेलं नाही, म्हटल्यावर त्याने स्वतःचा अर्थ लावला.

मुलाला मी कागद-पेन्सिल दिली आणि म्हटलं, मला यातलं काही कळत नाही, तू चित्र काढून समजाव. त्याने दोन चौकोन काढले, एकावर 'आई', दुसऱ्यावर 'बाबा'. दोन्हींच्या आत एकेक गोल काढला आणि दोन्ही गोलांत वडिलांच्या अकाउंटचं नाव लिहिलं. मी विचारलं, यात तू कुठे आहेस? तो पेन्सिल फिरवत राहिला. मग म्हणाला, "मी दोन्हीकडे बाबाच्याच नावाने खेळतो. माझ्या नावावर काहीच नाहीये." त्याचं स्वतःचं अकाउंट होतं, आईने नवा कन्सोल घेतला तेव्हा उघडलेलं. पण रिकामं.

आता यंत्राचा भाग. डिजिटल गेम आपण कन्सोलसाठी घेतो असं वाटतं, पण त्याचा परवाना मिळतो तो अकाउंटला. प्लेस्टेशन ५ (पीएस५) वर 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' नावाची एक सोय आहे. सेटिंग्जमध्ये 'युजर्स अँड अकाउंट्स', तिथे 'अदर', त्यात ती सापडते. ज्या कन्सोलवर ती चालू असेल, तिथे त्या अकाउंटचे गेम घरातलं कोणीही स्वतःच्या नावाने खेळू शकतं, इंटरनेट नसलं तरी. मात्र एका अकाउंटसाठी ही सोय एका वेळी एकाच पीएस५ वर चालते. इतर कन्सोलवर ते गेम फक्त खुद्द मालकाने लॉगिन केल्यावर उघडतात, आणि तेही नेट चालू असेल तर. शिवाय एकच अकाउंट दोन पीएस५ वर एकदम चालत नाही. एकीकडे शिरलं की दुसरीकडचं बाहेर पडतं.

या घरात नेमकं हेच घडत होतं. पहिल्या कन्सोलवर पहिल्यांदा लॉगिन केलं तेव्हा ती सोय आपोआप वडिलांच्या घरी चालू झाली होती, त्यांना त्याचा पत्ताही नव्हता. मुलगा आईकडे बाबाचा पासवर्ड टाकून खेळायचा. रात्री नऊ-साडेनऊला वडील ऑफिसातून येऊन थोडा वेळ खेळायला बसले की इकडे हा खेळातून बाहेर. मॅच रंगात आलेली असताना स्क्रीन बदलायची. "बाबाला कळतं मी खेळतोय, तो मुद्दाम मला काढतो," हे त्याने मनाशी पक्कं केलेलं होतं. पासवर्ड बदलायच्या कितीतरी आधीपासून हे साचत आलं होतं.

मी हे वडिलांना सांगितलं तेव्हा ते बराच वेळ गप्प होते. मग त्यांनी एक गोष्ट आपणहून सांगितली, जी मला या सगळ्यात जास्त महत्त्वाची वाटते. फोनवरच्या ॲपमध्ये त्यांना दिसायचं की आपलं अकाउंट आत्ता चालू आहे, कोणता गेम सुरू आहे. रात्री अकरानंतर ते दिसलं की ते शनिवारी मुलाला विचारायचे, "आई झोपवत नाही का तुला वेळेवर?" मुलगा हे आईला सांगायचा नाही. आपण आईची चुगली करतोय असं त्याला वाटायचं आणि बाबाशी खोटंही बोलवायचं नाही. बारा वर्षांच्या मुलाला दाराशी बसवून ठेवायला एवढं पुरे. वेगळे झालेले पालक फोटो, शाळेचा ग्रुप, मुलाचं घड्याळ यांतून एकमेकांच्या घरात डोकावतात, त्यातलाच हा प्रकार. मी तिथे स्पष्ट बोलते. मुलाच्या खेळण्यातून दुसऱ्या घरावर नजर ठेवायची नाही. मुलाच्या झोपेची काळजी वाटते तर दुसऱ्या पालकाला थेट विचारायचं.

पुढच्या बैठकीला तिघंही एकत्र आले. आपण गेमबद्दल बोलतोय, घटस्फोटाबद्दल नाही, एवढी एकच अट मी घातली होती. मांडणी ठरली ती अशी.

यापुढचा प्रत्येक गेम मुलाच्या अकाउंटवर घ्यायचा. तो जिथे स्वतःच्या नावाने लॉगिन करेल तिथे त्याचे गेम त्याच्याबरोबर येतील. त्याच्या अकाउंटचं शेअरिंग वडिलांच्या कन्सोलवर चालू करायचं, म्हणजे मुलगा आईकडे असतानाही वडील स्वतःच्या नावाने ते गेम खेळू शकतील. आणि वडिलांच्या अकाउंटचं शेअरिंग आईकडच्या कन्सोलवर हलवायचं, म्हणजे आधी घेतलेले गेम मुलाला तिथे स्वतःच्या नावाने खेळता येतील, दोघं एकाच वेळी खेळले तरी कोणी कोणाला बाहेर काढणार नाही. पासवर्ड कोणी कोणाला द्यायचा नाही. एका शनिवारी मुलगा आईकडचा कन्सोल रिक्षात मांडीवर घेऊन गेला, वडिलांनी स्वतः पासवर्ड टाकला, सोय चालू केली आणि कन्सोल परत आला.

यात वडिलांचं थोडं नुकसान होतं. शेअरिंग तिकडे गेल्यावर त्यांच्या घरी नेट बंद असेल तेव्हा त्यांचेच डिजिटल गेम त्यांना उघडणार नाहीत. हे मी मुलासमोर मुद्दाम सांगितलं, कारण बाबा आपल्यासाठी काय सोडतोय हे त्याला दिसायला हवं होतं. ते "चालेल" म्हणाले. मुलाने त्यांच्याकडे पाहिलं आणि "नेट जातं तुमच्याकडे कधीकधी," एवढंच म्हणाला.

अडचण आली ती आईची. शेअरिंग टिकायचं तर वडिलांचं प्रोफाइल तिच्या कन्सोलवर राहायला हवं, ते काढून टाकलं तर गेमही जातात. म्हणजे रोज टीव्ही लावला की सुरुवातीच्या स्क्रीनवर मुलाच्या चित्राशेजारी त्यांचं चित्र आणि नाव. "माझ्या हॉलमध्ये त्याचं नाव का?" असं ती म्हणाली आणि तिचा आवाज फुटला. तंत्राच्या भाषेत याला उत्तर नाही, आणि मी दिलंही नाही. त्या दिवशी उरलेला वेळ आम्ही दोघी त्याच एका गोष्टीवर बोललो. त्या घरात तिने किती कष्टाने स्वतःची जागा उभी केली होती ते तिला सांगायचं होतं. पुढच्या खेपेला तीच म्हणाली, राहू दे, फक्त चित्र बदलायला सांगा. वडिलांनी स्वतःचा फोटो काढून एका फुटबॉलचं चित्र ठेवलं. शिवाय त्यांनी प्रोफाइलला पासकोड घातला, अकाउंटवरून क्रेडिट कार्ड काढलं आणि खरेदीच्या वेळी पासवर्ड विचारलाच पाहिजे असं करून घेतलं. या तीन गोष्टी आधीच केलेल्या असत्या तर नाण्यांचं प्रकरण उद्भवलंच नसतं.

एक गोष्ट सोडवता आली नाही. मुलाने ठोकळ्यांच्या एका गेममध्ये दीड वर्ष खपून अख्खं गाव बांधलं होतं, नदी, पूल, बाजारपेठ, सगळं. पण बाबाच्या नावाने. खेळातली प्रगती ज्या अकाउंटवर साठते त्याचीच राहते. परवाना वाटून घेता येतो, सेव्ह केलेला खेळ दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. तो रडला. आईला वाटलं, एवढं काय, पुन्हा बांधेल. मोठ्यांनी असं म्हणू नये अशी माझी कळकळीची विनंती आहे. ते त्याचं काम होतं आणि ते गेलं याचं दुःख खरं आहे. मी त्याला विचारलं, त्या गावाचं काय करायचं? त्याने ठरवलं की जुनं गाव बाबाच्या घरी, बाबाच्याच प्रोफाइलवर राहील आणि तिथे दोघांनी मिळून खेळायचं, एकट्याने कोणी जायचं नाही. स्वतःच्या नावाने तो नवं सुरू करेल.

हे नवं दोन्ही घरी तिथूनच पुढे चालावं म्हणून त्याच्या अकाउंटला पीएस प्लसची, म्हणजे प्लेस्टेशनच्या पैसे भरून मिळणाऱ्या ऑनलाइन सेवेची, वर्गणी घेतली. पीएस५ चे सेव्ह क्लाउडवरच ठेवता येतात, पेनड्राइव्हवर नेता येत नाहीत, आणि क्लाउडची सोय ज्याची वर्गणी त्यालाच मिळते.

मुलांचं अकाउंट एका मोठ्या माणसाच्या 'फॅमिली'खाली असतं. त्या माणसाला फॅमिली मॅनेजर म्हणतात, आणि मूल खरेदी करतं ती या मॅनेजरच्याच वॉलेटमधून. इथे मॅनेजर आई होती. दुसऱ्या पालकाला त्यात घेऊन पालकाचे अधिकार देता येतात, पण वडिलांनी 'तिच्या फॅमिलीत' जायला नकार दिला. मी आग्रह धरला नाही. ते अर्धे पैसे यूपीआयने पाठवतात, खर्चाची महिन्याची मर्यादा दोघांनी मिळून ठरवली आहे आणि आईने ती अकाउंटवर लावली आहे. खेळायच्या वेळेची मर्यादाही मुलाच्या अकाउंटला चिकटलेली असते, कन्सोलला नाही. त्यामुळे एक घर कडक आणि दुसरं मोकाट हा प्रकार संपला. मला तर हा या मांडणीचा सगळ्यात मोठा फायदा वाटतो. आईची 'नाही म्हणणारी' म्हणून जी ओळख झाली होती ती हळूहळू पुसली गेली.

तुमच्या घरी दुसरा कन्सोल असेल तर नियम थोडे वेगळे आहेत. एक्सबॉक्सवर शेअरिंग चालू असलेल्या कन्सोललाच 'होम एक्सबॉक्स' म्हणतात आणि तो वर्षभरात पाच वेळाच बदलता येतो, तेव्हा दर शनिवारी बदलायचा विचार करू नका. निन्टेन्डो स्विचवर २०२५ पासून डिजिटल गेम आभासी कार्डासारखे हाताळता येतात आणि फॅमिली ग्रुपमधल्या माणसाला चौदा दिवसांसाठी उसने देता येतात, मुदत संपली की ते आपोआप परत येतात. ज्यांना यातलं काहीच करायचं नाही त्यांनी डिस्क घ्यावी. दोन्ही कन्सोलला डिस्क ड्राइव्ह असेल तर ती शाळेच्या दप्तरातून इकडून तिकडे जाते आणि कोणाचा पासवर्ड लागत नाही. गेम स्वस्तात मिळतात म्हणून अनोळखी माणसाकडून 'प्रायमरी अकाउंट', म्हणजे त्याच्या अकाउंटचं शेअरिंग आपल्या कन्सोलवर, विकत घेण्याच्या फंदात मात्र पडू नका. विकणाऱ्याने उद्या पासवर्ड बदलला तर पुन्हा तेच कुलूप मुलाच्या वाट्याला येईल आणि या वेळी बोलायला समोर बाबाही नसेल.

जे पालक अजून वेगळे होण्याच्या मार्गावर आहेत त्यांना माझं एक सांगणं आहे. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३ ब खाली संमतीचा अर्ज करताना अटी लिहिल्या जातात. त्यात फी, दिवाळी-मेच्या सुट्ट्या, दवाखान्याचा खर्च असतो. मुलाचे गेम, त्याचं अकाउंट, त्यातला मॅनेजर कोण, वर्गणी कोणी भरायची हेही त्यात एका परिच्छेदात लिहून घ्या. वकिलांना ते क्षुल्लक वाटलं तरी आग्रह धरा.

आणि पासवर्ड बदलायची वेळ आलीच तर आधी मुलाला फोन करा. काय झालं, काय बंद होणार आहे आणि कधी परत सुरू होईल, एवढं त्याला तुमच्या तोंडून कळू दे.